जेसीची वाटणी

१५ नोव्हेंबर २००९, रविवार

आम्हा ज्यूंच्या रीतीचं, सुतकाचं सात दिवसांचं बसणं आज संपलं. आरशांवरच्या चादरी काढून मशीनला लावल्या. माणसं आली, रडली, डबे ठेवून गेली. फ्रिजमध्ये हात घालायला जागा नाही आणि त्यातलं एकही जेसीने खाल्लं नसतं.

जेसी माझा एकुलता एक. ग्वेल्फला गुरांच्या खाद्याच्या कारखान्यात मेकॅनिक होता. मिक्सरच्या आत उतरून पातं बसवत होता आणि बाहेरून कोणीतरी मशीन चालू केलं. याच्यापुढचं मला कोणी सांगू नये. मी आधी मुंबईत आणि मग इथे परदेशातल्या नर्सिंग होममध्ये नर्स म्हणून जन्म घालवला, पुढचं मला न सांगता कळतं.

तिसऱ्या दिवशी ती आली होती. उल्का. नागपूरची, हिंदू, एक लग्न मोडून आलेली, ग्वेल्फला कुठल्याशा दातांच्या डॉक्टरकडे फोन उचलते. जेसीची मैत्रीण म्हणे. आली ती सरळ आत येऊन सुतकाच्या बुटक्या स्टुलावर बसली. खोली भरलेली होती. मी म्हटलं, "हे स्टूल घरच्यांसाठी आहे."

ती उठली. प्रार्थना संपेपर्यंत भिंतीला टेकून उभी राहिली. इस्राएल माझ्याकडे बघत होता. नवरा असला म्हणून काय, मी त्याच्याकडे बघितलं नाही. मला वाईट वाटलं का? नाही वाटलं. लिहून ठेवते. आमची मेट्रन म्हणायची, जे लिहिलं नाही ते झालंच नाही.

फ्लोरा, माझी सून, व्हँकुव्हरहून आली नाही. तिला आणि जेसीला वेगळं होऊन पाच वर्षं झाली, पण घटस्फोट मी होऊ दिला नाही. झिराडकरांच्या घरात कोणी सोडचिठ्ठी घेतलेली नाही. नात मिका बारा वर्षांची. फोनवर म्हणाली, "आजी, आय डोंट नो व्हॉट टु से." मी म्हटलं, काही बोलू नकोस, नुसती फोनवर राहा. मग तिच्या आईने फोन घेतला.

२४ नोव्हेंबर, मंगळवार

राजन घरी येऊन गेला. इथेच रिचमंड हिलला राहतो, कामगारांचे क्लेम लढवतो, आमच्या ओळखीतला. कामावर माणूस मेला की कामगारांच्या भरपाईचं सरकारी बोर्ड पैसे देतं. एक रकमेने काही, दर महिन्याला काही. मी विचारलं, कोणाला?

"आधी बायको, मग मुलं," तो म्हणाला. "वेगळी राहणारी बायको असेल आणि तो तिला खर्चाला पैसे देत असेल तर तीही. आणि शेवटची दोन-तीन वर्षं ज्या बाईबरोबर एका घरात राहत होता ती, लग्न नसलं तरी. मग बोर्ड त्यांच्यात वाटणी करतं."

"आणि आई?"

त्याने चहाचा कप फिरवला. "बायको-मुलं नसती तर आईवडिलांचा विचार झाला असता, काकू."

म्हणजे ज्या पोटातून आला ते पोट सोडून बाकी सगळ्यांना. मी म्हटलं, कायदा करणाऱ्यांना आया नव्हत्या वाटतं. राजन हसला. मी हसण्यासाठी बोलले नव्हते.

उल्काने अर्ज केलाय. 'बायको' म्हणून.

इस्राएल म्हणाला, "मग? होतीच ना ती."

रात्री त्याला जेवायला वाढलं, पण त्याच्याबरोबर बसले नाही.

३ डिसेंबर, गुरुवार

फ्लोराचा फोन. लग्न झाल्यावर पहिल्या वर्षी म्हणायची तसं "मम्मी, मम्मी" चाललं होतं. तेव्हाच कळलं की काहीतरी हवंय.

तिचं म्हणणं सरळ आहे. जेसीच्या लायसन्सवर पत्ता आमचा. बँकेची पत्रं आमच्याकडे. विंटर टायर आमच्या गॅरेजमध्ये. तेव्हा बोर्डाने विचारलं की मी एवढंच सांगायचं, जेसी आईवडिलांकडे राहायचा, ग्वेल्फला कधीमधी जायचा. मग उल्काचा क्लेम पडतो. सगळं फ्लोराला आणि मिकाला. त्यातला चौथा हिस्सा ती मला देईल.

"आणि मिकाला समरमध्ये तुमच्याकडे पाठवते. पूर्ण जुलै."

हे तिने शेवटी सांगितलं. हुशार आहे, काय शेवटी सांगायचं ते तिला कळतं.

मी हो म्हटलं. पैशासाठी नाही. त्या बाईने माझ्या मुलाचं मरण आपल्या नावावर करून घ्यावं हे मला सहन होत नाही. आणि खोटं तरी काय आहे त्यात? दर शुक्रवारी तो यायचाच. शब्बाथचे दिवे लागायच्या आत दारात हजर. नारळाच्या दुधातलं मटण पोटभर खायचा आणि वर दोन माणसांचं बांधून न्यायचा. एवढा खाणारा मुलगा, पण अंगाला कधी लागलं नाही. इतर दिवशी संध्याकाळी सहाला फोन. आई सोडून कोणाला इतकं धरून असतो माणूस?

१३ डिसेंबर, रविवार

हनुक्काच्या सणाचा दुसरा दिवस. सकाळी बर्फ होतं. इस्राएल ड्राइव्हवेवरचं बर्फ फावड्याने काढून आत येतोय तोवर तिची गाडी उभी राहिली. त्याने तिला आत बोलावलं असतं. मी दारात उभी राहिले.

"काकू, जेसीची बँकेची पत्रं येऊन राहिली असतील तुमच्याकडे. मला त्यांच्या कॉपी लागतात."

"माझ्याकडे काही नाही."

"त्याने पत्ता बदलला नव्हता, कारण तुम्हाला वाईट वाटलं असतं. मला म्हणाला होता."

"मेलेला माणूस तुला काय काय म्हणाला ते आता तूच सांगणार."

तिच्या डोळ्यांत पाणी आलं नाही. मला वाटलं होतं येईल. ती म्हणाली, "तुम्ही मला त्या दिवशी स्टुलावरून उठवलं. मी ते विसरणार नाही. पण मी तुमच्याशी भांडायला नाही आली. माझं एकटीच्या पगारात घरभाडं भागून नाही राहिलं. मला खोली बदलायची नाही. त्याचे बूट अजून दाराशी आहेत."

मी म्हटलं, "बूट आणून दे मग. माझ्या मुलाचे आहेत."

"नाही देणार," ती म्हणाली, आणि पायऱ्या उतरली.

मी दार लावलं. पत्रं कपाटात आहेत.

१७ जानेवारी २०१०, रविवार

इस्राएल रोज सकाळी सिनेगॉगमध्ये मुलासाठी कद्दिशची प्रार्थना म्हणून येतो. रविवारी मात्र परत यायला दुपार होते. म्हणे तिथे म्हातारे गप्पा मारत बसतात. आज आला तो बुटांवर रस्त्यातल्या बर्फावर टाकतात ते मीठ आणि चिखल घेऊन. जेवताना म्हणाला, "त्या मुलीच्या गाडीचा हीटर बिघडलाय. एवढ्या थंडीत काचेवर आतून बर्फ धरतं." याला काय माहीत कोणाच्या गाडीत काय बिघडलंय? त्या दिवशी ड्राइव्हवेवर बघितलं असेल. म्हाताऱ्याला नको त्या गोष्टी बऱ्या लक्षात राहतात. माझी ब्लडप्रेशरची गोळी आणायची मात्र विसरला.

२ मार्च, मंगळवार

पुढच्या आठवड्यात बोर्डाच्या ऑफिसात बोलावलंय. उल्का, मी आणि फोनवरून फ्लोरा. राजनने मला तयार केलं. "विचारतील तेवढंच सांगा. पत्ता, खोली, सामान. वाढवून बोलू नका. तुमचा राग आवरा."

मी म्हटलं, मला राग येत नाही. त्याने वहीत डोकं घातलं.

बेसमेंटमधली जेसीची खोली झाडून घेतली. पलंगावर इस्राएलच्या टॅक्सच्या फाइली होत्या आणि माझं शिवणाचं मशीन. ते हलवलं. गादीवर नवी चादर घातली. कोणी बघायला येणार नाही, तरी घातली.

९ मार्च, मंगळवार

आज काय झालं ते नीट लिहायला हवं.

डाउनटाउनला उंच इमारत. छोटी खोली, टेबल, मधोमध स्पीकर फोन. बोर्डाच्या बाई पन्नाशीच्या, आवाज मऊ. उल्का समोर, एकटी, राखाडी कोटात. माझ्याशेजारी राजन. फोनमधून फ्लोरा. बोलणं सगळं इंग्रजीत, आणि मला इंग्रजी चांगलं येतं.

आधी मला विचारलं. मी सांगितलं, मुलाचा पत्ता माझा. सामान माझ्याकडे. त्याची खोली आहे. बाईंनी विचारलं, "आठवड्यातून किती रात्री तो तिथे झोपायचा?" मी म्हटलं, "खोली त्याचीच आहे." त्यांनी काहीतरी लिहिलं. राजनने मान हलवली, ठीक चाललंय अशी.

मग उल्का. भाड्याचा करार, विजेचं बिल, दोघांचे फोटो. तिने काही वाढवून सांगितलं नाही. माझ्याकडे एकदाही बोट दाखवलं नाही. त्याचाच मला राग आला.

मग फ्लोरा. तिला विचारलं, तुमच्या माहितीप्रमाणे जेसी कुठे राहायचा? तिने एवढंच म्हणायचं होतं, आईकडे. पण फ्लोराला कधी थांबता आलं नाही. म्हणाली, "जेसी कुठेच राहत नव्हता. त्याला घर कधी कळलंच नाही. मिळेल तिथे पडायचा, ट्रकमध्ये झोपायचा. प्यायचा. मला नाही वाटत त्या दिवशीही तो शुद्धीत होता."

उल्काने ओठ मिटून घेतले. बोलली असती तर बरं झालं असतं. तिने बोलायला हवं होतं. ती बोलली नाही म्हणून मला बोलावं लागलं.

मी उभी राहिले. राजनने माझी बाही धरली, मी सोडवली.

मी म्हटलं, "माझा मुलगा ट्रकमध्ये झोपत नव्हता. तो रोज संध्याकाळी सहाला घरी असायचा. हात धुवायचा, डबा सिंकमध्ये ठेवायचा आणि किचनच्या टेबलाशी बसून मला फोन करायचा. मागे कुकरची शिट्टी व्हायची, मला ऐकू यायची. ही बाई फोनच्या जवळ उभी राहून भाजी परतायची, जरा लांबसुद्धा जायची नाही. मध्येच त्याला विचारायची, मीठ किती घालू. रविवारी दोघं बिल्डिंगच्या खाली कपडे धुवायला जायची, तेव्हा फोनला आवाज नीट यायचा नाही. त्याला पलंग होता. थंडी वाजते म्हणाला तर रजई मी पाठवली, दोघांच्या मापाची, मला कोणी शिकवू नये. त्याने दारू सोडून चार वर्षं झाली होती. माझ्या मुलाला घर होतं."

बोर्डाच्या बाई हळूच म्हणाल्या, "कोणाचं घर, मिसेस झिराडकर?"

मी बोट दाखवलं. "हिचं."

मग मी खाली बसले. राजनने फाइल मिटली. फोनमध्ये फ्लोराचा श्वास ऐकू आला, आणि मग तोही नाही.

लिफ्टमध्ये उल्का माझ्याबरोबरच होती. दुसरी लिफ्ट यायला वेळ होता. ती समोरच्या दाराकडे बघत म्हणाली, "तुम्ही माझ्यासाठी नाही बोलल्या."

"नाहीच," मी म्हटलं.

"माहीत आहे."

लॉबीत तिने माझ्यासाठी दार धरलं. मी दुसऱ्या दाराने बाहेर पडले.

१० मार्च, बुधवार

फ्लोराचा एकच मेसेज, इस्राएलच्या फोनवर. मिका जुलैत येणार नाही. कधीच येणार नाही.

मला कोणीतरी फसवलं आहे. कोणी ते समजत नाही.

इस्राएलने सकाळी माझ्यासाठी चहा केला. गेल्या कित्येक वर्षांत केला नव्हता. साखर जास्त घातली होती. त्याला तेही सांगितलं.

२२ एप्रिल, गुरुवार

निकाल आला. राजनने फोनवर वाचून दाखवला. उल्का बायको ठरली. मोठा हिस्सा तिचा. जेसी फ्लोराला खर्चाला देत होता म्हणून तिलाही काही. मिकाला ती मोठी होईपर्यंत. आमचं नाव कुठेच नाही. मी विचारलं, एकदाही नाही? तो म्हणाला, "'मृताच्या आईच्या जबानीवरून' असं एका ठिकाणी आहे."

फ्लोरा अपील करणार म्हणते. म्हणजे वर्षभर कोणालाच काही मिळणार नाही. छान. बसा सगळे.

मिकाला वाढदिवसाचं पार्सल पाठवलं होतं. ते परत आलं, फोडलेलं नाही.

८ जून, मंगळवार

राजन ग्रोसरीच्या दुकानात भेटला. फ्लोराने अपील मागे घेतलं. उल्काने तिच्याशी परस्पर बोलून तडजोड केली, एकरकमी पैशातला बराच भाग तिला सोडून दिला.

"उल्काने मला विचारलं तेव्हा मी समजावलं, अपीलमध्ये तू जिंकशील," तो म्हणाला. "ऐकलं नाही तिने. उलट आणखी एक अट घातली, म्हणाली तेवढं मिळालं की बाकीचं जाऊ दे."

"कसली अट?"

"तीच सांगेल तुम्हाला," असं म्हणून तो दुधाच्या फळ्यांकडे गेला.

मूर्ख बाई. हातात आलेलं घालवलं. मुळात पैशाची किंमत नसेल तर इतकं भांडायचं कशाला?

९ जून, बुधवार

मला काल कळलं नाही ते आज कळलं. उल्काचा फोन आला. मी ठेवणारच होते.

"काकू, मिका येऊन राहिली आहे. अकरा जुलैला. दोन आठवड्यांसाठी."

मी खुर्ची ओढली. "कोणाकडे?"

"माझ्याकडे. फ्लोरा म्हणते तुमच्याकडे पाठवणार नाही. म्हणाली, त्या बाई दोन्ही बाजूंनी खोटं बोलल्या."

"मी एकदाच खोटं बोलले," मी म्हटलं.

ती म्हणाली, "मी फ्लोराला हो म्हटलं. मुलगी उतरेल माझ्याकडे. उतरल्यावर ती कुठे कुठे जाईल ते फ्लोराने विचारलं नाही, मी सांगितलं नाही."

असं आहे तर. पैसे टाकून माझी नात विकत घेतली आणि आता मलाच तुकडा टाकते. मी स्पष्ट विचारलं, किती दिवस माझे?

"तुम्ही सांगा."

"दहा."

"सात. तिला बापाचं घर बघायचं आहे. त्यासाठीच येऊन राहिली ती."

"नऊ. आणि दोन्ही शुक्रवार माझे."

"आठ," उल्का म्हणाली. "दोन्ही शुक्रवार तुमचे. पण शुक्रवारी तिला सोडायला मी येणार, आणि मी बाहेर गाडीत बसून राहणार नाही."

मी म्हटलं, बघू. ती म्हणाली, बघू नाही, हो किंवा नाही. कुठून आणते एवढा ताठा? मी हो म्हटलं. इस्राएल दारात उभा राहून ऐकत होता. चष्मा पुसत बसला, किती वेळ.

११ जुलै, रविवार

इस्राएलचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालंय, त्याला गाडी चालवता येत नाही. म्हणून विमानतळावर उल्काच्या गाडीतून जावं लागलं. इस्राएल मुकाट्याने मागे बसला. मी पुढे बसले. हीटर दुरुस्त केलाय म्हणाला इस्राएल मागून, जुलै महिन्यात.

मिका उंच झालीये. चाल जेसीची, पाय जरा बाहेर टाकत. सामान ढकलत आली आणि आम्हा दोघींच्या समोर थांबली. कोणाकडे आधी जायचं ते तिला कळेना. मी हात पुढे केले. उल्काने हात खिशात ठेवले होते, मुद्दाम, मला दिसलं. मिका माझ्याकडे आली. तिच्या केसांना विमानाचा वास येत होता. मी बराच वेळ सोडलं नाही. मग मीच तिला म्हटलं, "ही उल्का." आणखी काय सांगायचं ते सुचलं नाही. ती कोण, हे मी मिकाच्या आईसमोर, बोर्डासमोर सांगून बसले आहे, पुन्हा पुन्हा सांगणार नाही.

"हाय," मिका म्हणाली.

"हाय," उल्का म्हणाली. तिचा आवाज कापला. बोर्डाच्या खोलीत कापला नव्हता.

गाडीत मिका आजोबांच्या शेजारी मागे बसली. बराच वेळ खिडकीबाहेर बघत होती. हायवे लागल्यावर म्हणाली, "कॅन आय आस्क समथिंग? व्हॉट डिड डॅड ईट फॉर ब्रेकफास्ट? आय कांट रिमेंबर."

"दोन अंड्यांचं ऑम्लेट," मी म्हटलं.

"काहीच नाही, नुसती काळी कॉफी," उल्का म्हणाली.

आम्ही एकदमच बोललो. मिकाने पुढे वाकून आमच्या दोघींच्या मधून डोकं घातलं. "सो विच वन?"

उल्काने आरशातून तिच्याकडे बघितलं. "आजी बरोबर म्हणते. तो खायचा ऑम्लेट. माझ्याकडे त्याला सकाळी घाई असायची."

मला हे नको होतं. तिने मला बरोबर म्हणावं हे मी मागितलं नव्हतं. मी पदर सारखा केला, समोर बघितलं. आम्हाला घरी सोडून ती मिकाला ग्वेल्फला नेईल, आणि उद्यापासूनचे पहिले चार दिवस तिचे आहेत, असं ठरलं आहे.

"कॉफी," मी म्हटलं. "मोठा झाल्यावर कॉफी. ते हिलाच माहीत."

मिका मागे टेकली. उल्काने गाडी डाव्या लेनमध्ये घेतली. नंतर घरी येऊन मी इस्राएलला म्हटलं, ही बाई फार जोरात चालवते.